होय की नाही, ते लेखी कळवा

प्रति,
बेळगाव सीमाभागातील महसूल व पंचायत खात्यांचे अधिकारी
आणि इथून निवडून गेलेले लोकप्रतिनिधी यांस

विषय : गोसावी समाजाच्या दफनभूमीचा रखडलेला अर्ज

सप्रेम नमस्कार.

आमच्या समाजाने दफनभूमीसाठी सरकारी पडीक जमिनीतला दहा-बारा गुंठ्यांचा तुकडा मागितला, त्याला वर्षं लोटली. आपण तो अर्ज मंजूर केलेला नाही आणि फेटाळलेलाही नाही. फेटाळला असता तर निदान कारणं कळली असती. कारणं कळली असती तर वर अपील करता आलं असतं, नाहीतर गावातच दुसरी जागा सुचवता आली असती. पण उत्तरच नसेल तर अपील कशावर करायचं? विचारलं की फाइल चालू आहे असं सांगतात, आणि फाइल चालू आहे तोवर आमचे हात बांधलेले. माहितीच्या अधिकारात विचारलं तेव्हाही कागदावर तेच आलं, अर्ज विचाराधीन आहे. म्हणून हे पत्र सगळ्यांसमोर लिहितोय. होय म्हणा किंवा नाही म्हणा, पण सही-शिक्क्यानिशी, तारीख घालून, कारण देऊन म्हणा.

गावाचं आणि तालुक्याचं नाव मुद्दाम लिहीत नाही. एखाद्या कचेरीला किंवा एखाद्या साहेबाला चव्हाट्यावर आणायचं नाही. शिवाय गोष्ट एका गावाची नाहीच. निपाणीकडे, चिकोडीकडे, लोंढ्याच्या बाजूला आमची सोयरीक आहे, आणि कुठल्याही लग्नात-बाराव्याला चार माणसं भेटली की हाच विषय निघतो.

आम्ही दशनामी गोसावी. गिरी, पुरी, भारती, सरस्वती, तीर्थ, आश्रम, वन, अरण्य, पर्वत, सागर ही ती दहा नावं. मठात राहणारे वेगळे, आम्ही घरबारी. गावात आमची घरं थोडी. कुठं दोन-चार, कुठं फार तर एखादी गल्ली. कुणी शेती करतं, कुणी दूध घालतं, कुणी गवंड्याच्या हाताखाली, तरणी पोरं बेळगावच्या उद्यमबाग औद्योगिक वसाहतीतल्या फौंड्र्यांत पाळीला जातात. बाकी आमचं जगणं गावातल्या चार मराठी घरांसारखंच. माणूस गेल्यावर मात्र रीत वेगळी. आमच्यात देह अग्नीला देत नाहीत, समाधी देतात, आणि तीही आडवी नव्हे. देहाला अंघोळ घालून अंगाला भस्म लावायचं, भगवं वस्त्र नेसवायचं, गळ्यात रुद्राक्ष घालायचा आणि मांडी घालून बसवायचं. तसंच बसल्या स्थितीत न्यायचं. खड्ड्यात बसवून बेलाची पानं, विभूती आणि मीठ घालत वरपर्यंत भरून घ्यायचं. वर पुढे दगडी पिंडी येते. दिवसांना शंखढाळाचा विधी होतो.

हे इतक्या बारकाईने सांगतोय ते वेळेचा हिशेब लक्षात यावा म्हणून. प्राण गेल्यावर दोन-तीन तासांत देह ताठरायला लागतो; आधी मान आणि जबडा, मग हात, मग गुडघे. त्याआधी मांडी घालून बसवलं नाही तर नंतर बळजबरी करावी लागते, आणि आपल्या बापाच्या पायांवर अशी बळजबरी करण्याची पाळी कुणावर येऊ नये. म्हणजे आमच्या घरात माणूस गेलं की रडण्याआधी बसवण्याची घाई असते. बसवून झालं की दुसरा प्रश्न उभा राहतो, न्यायचं कुठं?

माझे थोरले चुलते आषाढात गेले. त्यांना सोप्यात भिंतीला टेकवून बसवलं, दोन्ही बाजूंनी घोंगड्याच्या वळकट्या लावल्या. चुलती समोर बसून होती. घरातले कर्ते पुरुष मात्र तिच्याजवळ नव्हते. ते छत्र्या घेऊन शिवारात जागा हुडकत होते. गावच्या स्मशानात सिमेंटचं शेड आहे, लोखंडी जाळी आहे आणि भोवताली जांभ्याचा कातळ. हातभर खणलं की पहार उडते. बसती समाधी द्यायची तर पुरुषभर खोल जावं लागतं. आमच्या जुन्या समाध्या ज्या शेतात आहेत त्याच्या मालकाने हात जोडले. जमिनीचा व्यवहार ठरत आला होता, नवी माती दिसली तर गिऱ्हाईक माघारी जाईल अशी त्याला धास्ती. त्याच्यावर माझा राग नाही, त्यालाही पोरीचं लग्न काढायचं होतं. शेवटी चुलतभावाच्या वाट्याला आलेल्या तुकड्यात, बांधाला लागून खड्डा धरला. कमरेइतका झाला नि चारी बाजूंनी पाणी पाझरायला लागलं. आत उतरलेली दोन पोरं बादली भरून वर देत होती, वरचे ओतत होते, आणि पाणी होतं तेवढंच. मीठ टाकलं ते डोळ्यांदेखत विरघळून गेलं. आमच्या घरातलं सगळ्यात मोठं माणूस आम्ही त्या चिखलपाण्यात बसवलं.

दुसऱ्याच दिवशी शेजारच्या शेतकऱ्याने तक्रार दिली की समाधी त्याच्या विहिरीच्या जवळ आहे. त्याचंही चुकलं नाही. त्या विहिरीचं पाणी त्याच्या घरात पितात. मग आम्हाला नोटीस आली, विनापरवाना दफन का केलं याचा खुलासा करा म्हणून. परवानगीचा आमचा अर्ज ज्या यंत्रणेकडे पडून आहे, त्याच यंत्रणेने परवानगी नाही म्हणून आम्हाला जाब विचारला. ती नोटीस हातात घेऊन चुलती म्हणाली, "आता काय उकरून काढायचं म्हणतात काय?" तिला काय सांगायचं हे मला आजही कळत नाही. आपल्यापैकी कुणाला कळत असेल तर सांगावं.

अर्जाचा प्रवास कसा होतो हे वरच्या साहेबांपर्यंत कदाचित पोचत नसेल, म्हणून तेही लिहितो. अर्ज जिल्हाधिकाऱ्यांच्या नावे दिला. तो अहवालासाठी तहसीलदारांकडे उतरला, तिथून सर्कलकडे, सर्कलकडून तलाठ्याकडे. तलाठी जागेवर आले, चतुःसीमा लिहिल्या, पंचांच्या सह्या घेऊन पंचनामा झाला. मग सर्व्हे खात्याची मोजणी आणि नकाशा. मग ग्रामपंचायतीचा ठराव. जवळ नाला आणि विहिरी आहेत म्हणून आरोग्य खात्याचा ना हरकत दाखला. आमच्या पट्ट्यात पडीक म्हटली की ती जागा डीम्ड फॉरेस्टमध्ये, म्हणजे वन म्हणून धरलेल्या जमिनीत, मोडते का हे बघावं लागतं, म्हणून वनखात्याचा दाखला. शिवाय तुकडा गायरानाला लागून, म्हणून गावातल्या जनावरांची मोजदाद. शंभर जनावरांमागे तीस एकर चराऊ जमीन राखून ठेवायची असा नियम आहे, त्यापेक्षा जास्त उरत असेल तरच दुसऱ्या कामाला काढता येते. यातली एकही अट आम्हाला जाचक वाटत नाही. चरण कमी होऊ नये, पाणी नासू नये, जंगल टिकावं असं आम्हालाही वाटतं. आमच्याही गोठ्यात म्हशी आहेत.

घोळ होतो तो पुढे. एक कागद हातात येईस्तोवर आधीचा जुना झालेला असतो. नकाशा आला तेव्हा ठराव आधीच्या पंचायतीचा ठरला. नव्या सदस्यांचा नवा ठराव आणा. तो आणला तेव्हा तलाठी बदलून गेले होते, आणि नव्या तलाठ्यांना जुन्या पंचनाम्यावर सही करायची नव्हती. त्यात निवडणुका. 2021 साली बेळगाव लोकसभेची पोटनिवडणूक, 2023 ला विधानसभा, 2024 ला लोकसभा. प्रत्येक वेळी आचारसंहिता, आणि आचारसंहितेत जमिनीच्या कागदाला कुणी हात लावत नाही. डिसेंबरात बेळगावच्या सुवर्ण विधानसौधात विधिमंडळाचं अधिवेशन भरलं की जिल्ह्यातले सगळे अधिकारी त्या धावपळीत. पावसाळ्यात जागेवर जाता येत नाही, उन्हाळ्यात बदल्या होतात. यात कुणी एकाने खुनशीपणाने अडवून धरलंय असं मी म्हणत नाही, कारण तसं मला दाखवता येणार नाही. खिडकीपलीकडचा माणूस पुष्कळदा चांगलाच असतो. "साहेब मीटिंगला गेलेत, नाळे बर्री," म्हणजे उद्या या, असं तो म्हणतो, आणि साहेब खरोखरच मीटिंगला गेलेले असतात. पण त्या उद्यासाठी इकडे एका माणसाचा रोज बुडतो, आणि आमच्यात बहुतेक जण रोजावरच जगणारे आहेत.

सरकारला स्वतःवर मुदत घालून घेणं जमत नाही असंही नाही. याच राज्याने 2011 साली सकाल कायदा केला. त्यातल्या सेवांना मुदत आहे, आणि उशीर झाला तर दिवसाला 20 रुपये, जास्तीत जास्त 500 रुपये अर्जदाराला द्यायची तरतूद आहे. रक्कम किरकोळ, पण उशीर ही सरकारची चूक आहे हे त्यात मान्य केलंय. भू-महसूल कायद्याच्या कलम 95 मध्ये शेतजमीन बिगरशेती करण्याचा अर्ज येतो. त्यावर चार महिन्यांत निर्णय कळवला नाही तर परवानगी मिळाली असं धरण्याची सोय त्या कलमात घालण्यात आली. म्हणजे प्लॉट पाडणाऱ्यासाठी सरकारचं गप्प बसणं हा होकार धरता येतो. आमच्या बाबतीत तेच गप्प बसणं नकारासारखं लागू होतं, फक्त तो नकार कुठं लिहिलेला नसतो.

आता कुणी म्हणेल, इतकी वर्षं तुम्ही कुठं पुरत होता? रास्त प्रश्न आहे. पूर्वी मठांना जमिनी होत्या, त्यांच्या एका कडेला समाध्यांची जागा असे, आणि त्यासाठी कुणाला विचारावं लागत नसे. 1 मार्च 1974 पासून कर्नाटकात भूसुधारणेचा सुधारित कायदा लागू झाला आणि कसणाऱ्याला जमीन मिळाली. ते न्यायाचंच झालं. आमच्यातलीही काही घरं त्यामुळे मालक झाली. पण उतारे बदलताना शेतातल्या समाध्या कुणी लिहिल्या नाहीत. आपल्याकडे खराबाचे, म्हणजे लागवडीत न धरलेल्या जमिनीचे, दोन प्रकार धरतात. 'अ' खराब म्हणजे पिकाला निकामी जमीन, आणि 'ब' खराब म्हणजे रस्ता, पाण्याची वाट, दफनाची जागा अशा सार्वजनिक उपयोगाची. आमच्या समाध्या 'ब' खराबात यायला हव्या होत्या, तर त्या शेताबरोबर विकल्या गेल्या नसत्या. तशी नोंद झाली नाही. पहिला मालक समजूतदार होता, त्याच्या मुलानेही नांगर वळवून घेतला, पण नातवाने जमीन विकली. बेळगावच्या भोवतालची गावं गेल्या काही वर्षांत कशी प्लॉटांनी भरली हे आपण आमच्यापेक्षा जास्त जाणता, कागद आपल्याच टेबलावरून जातात. आमच्या काही समाध्या आज कुणाच्या तरी कंपाउंडच्या आत आहेत. काही जेसीबीखाली गेल्या. दफनाच्या जागेत घुसून विटंबना करणं भारतीय न्याय संहितेच्या कलम 301 प्रमाणे गुन्हा आहे. पण ती दफनाची जागा होती हेच उताऱ्यावर नसेल तर फौजदार तरी काय लिहून घेणार?

कचेरीत एक प्रश्न हमखास होतो. "तुम्ही हिंदूच की. गावात स्मशान आहे, मग वेगळं कशाला पाहिजे?" विचारणाऱ्याच्या मनात खोट नसते, त्याला आमची रीत माहीत नसते. लिंगायत बांधव बसती समाधी देतात, मुसलमान बांधवांचं कबरस्तान आहे, ख्रिस्ती बांधवांची दफनभूमी आहे. त्यांनाही जागेसाठी हेलपाटे काही कमी घालावे लागत नाहीत, पण जागा लागते हे तरी पटवून द्यावं लागत नाही. आम्हाला सुरुवात तिथून करावी लागते. काही गावांत लिंगायत समाजाने आपल्या रुद्रभूमीत, म्हणजे दफनाच्या जागेत, आमच्या माणसांना जागा दिली. ते उपकार आम्ही विसरणार नाही. पण त्यांचीही जागा भरत आली आहे, आणि दर वेळी माणूस गेल्यावर त्या रात्री दुसऱ्याच्या दारात जाऊन उभं राहणं किती जड जातं हे ज्याच्यावर वेळ आली त्यालाच माहीत.

काही शिकलेली मंडळी सुचवतात की काळ बदलला, तुम्हीही दहन करा. आमच्यातली काही कुटुंबं करतातही. तो ज्याच्या त्याच्या घराचा निर्णय. पण जागा नाही म्हणून रीत सोडावी लागणं हा निर्णय नव्हे, ती सक्ती आहे. राज्यघटनेच्या कलम 25 ने आपल्या धर्माप्रमाणे वागण्याचं स्वातंत्र्य दिलं, आणि दफनभूमी-स्मशानभूमी हा विषय सातव्या परिशिष्टातल्या राज्य सूचीत दहाव्या नोंदीत घातला. म्हणजे ही जबाबदारी दिल्लीची नाही, राज्याची आहे. राज्याकडे साधनही आहे. भू-महसूल कायद्याच्या कलम 71 खाली सार्वजनिक कामासाठी सरकारी जमीन राखून ठेवण्याचा अधिकार जिल्हाधिकाऱ्यांना आहे. नवा कायदा, नवी योजना, नवा निधी यातलं काहीच आम्ही मागत नाही. कुंपणाचे पैसे समाज घालेल.

कर्नाटक उच्च न्यायालयाने 2019 साली आदेश दिला की ज्या गावात दफनाला किंवा दहनाला जागा नाही तिथं सरकारने ती द्यावी. त्याची अंमलबजावणी झाली नाही म्हणून अवमान याचिका दाखल झाली, आणि मग गावोगावची आकडेवारी न्यायालयापुढे ठेवली गेली. त्या कामात तलाठ्यांनी कष्ट केले हे मी नाकारत नाही. माझी अडचण एवढीच की अशा तक्त्यात गाव मोजतात, समाज मोजत नाहीत. गावात एक स्मशान असलं की त्या गावापुढे 'जागा उपलब्ध' असं लिहून होतं. त्या जागेत कुणाला जाता येतं आणि कुणाला नाही, तिथं जाळता येतं की पुरताही येतं, हे विचारायला त्या तक्त्यात रकाना नाही. आमचं गाव कागदावर केव्हाच पूर्ण झालंय.

जागा आधीच ठरलेली नसली की काय होतं ते जानेवारी 2025 मध्ये साऱ्या देशाने पाहिलं. छत्तीसगडात बस्तरमधल्या एका गावात ख्रिस्ती धर्मोपदेशक 7 जानेवारीला वारले. गावात दफन करू देईनात. देह शवागारात राहिला आणि मुलगा उच्च न्यायालयातून सर्वोच्च न्यायालयात गेला. 27 जानेवारीला दोन न्यायमूर्तींचं मत वेगवेगळं पडलं, तरीही अंत्यविधी आणखी लांबू नये म्हणून वीस-पंचवीस किलोमीटरवरच्या दफनभूमीत दफन करा असा आदेश त्यांनी दिला. वीस दिवस एका मुलाने बापाचा देह शवागारात ठेवून वाट पाहिली. तिथं गावाचा विरोध होता. आमच्या गावात विरोध नाही, ग्रामसभेत सगळ्या समाजांनी हात वर केले आहेत. अडलंय ते फक्त कागदावर. म्हणजे आपल्या हातात असलेलं काम सोपं आहे, आणि म्हणूनच या उशिराचं दुःख जास्त होतं. आमच्यापैकी कुणी देह घरात बसवून धारवाडच्या खंडपीठाची पायरी चढू शकणार नाही. आमची रीतच तेवढा वेळ देत नाही.

सीमाभागातून मराठीत पत्र आलं की त्याकडे एका विशिष्ट नजरेने पाहिलं जातं, त्याबद्दल स्पष्टच लिहितो. या मागणीचा सीमाप्रश्नाशी संबंध नाही. 2004 पासून तो दावा सर्वोच्च न्यायालयात आहे, त्याचं व्हायचं ते होईल. बेळगाव कुठल्याही राज्यात असलं तरी आमची माणसं इथंच मरणार आहेत आणि इथल्याच मातीत जाणार आहेत. आपल्या भाषेत गाऱ्हाणं मांडण्याची मुभा घटनेच्या कलम 350 ने दिली आहे, तरी आम्ही अर्ज कानडीत दिला, काम लवकर व्हावं म्हणून. कानडी आम्हाला परकी नाही, आमच्या निम्म्या सुना कानडी शाळेत शिकलेल्या आहेत. मात्र नोटीस आणि निर्णय यांची एक प्रत मराठीतही दिलीत तर चुलतीसारख्या माणसाला दुसऱ्याकडून वाचून घ्यावं लागणार नाही.

लोकप्रतिनिधींना वेगळं थोडं. आमची मतं मूठभर आहेत हे आम्हाला ठाऊक आहे. मराठी बाण्याची भाषणं ठोकणारे आणि कानडी अस्मितेची भाषणं ठोकणारे, दोघेही आमच्या गल्लीत मतं मागायला येतात, आणि दोघांनीही दफनभूमीचं आश्वासन दिलेलं आहे. आम्ही दोघांनाही हार घातलेत. जिल्हा पंचायत आणि तालुका पंचायतीच्या सदस्यांची मुदत 2021 मध्ये संपली आणि पुढे वर्षानुवर्षं निवडणुकाच झाल्या नाहीत, त्यामुळे ज्याला बांधावर गाठून विचारावं असा माणूसच मधल्या पायरीवर उरला नाही. राहिले आमदार. विधानसभेत एक प्रश्न विचारा, एवढंच म्हणणं आहे. दफनभूमीचे किती अर्ज, किती काळापासून, कुठल्या टेबलावर आहेत, याचं तालुकावार उत्तर मागा. ते उत्तर फक्त गोसाव्यांच्या उपयोगाचं नसेल.

अधिकाऱ्यांकडे मागणं असं आहे. दफनभूमीच्या अर्जाला बिगरशेतीच्या अर्जासारखी मुदत लावा, आणि मुदतीत जमलं नाही तर का जमलं नाही ते अर्जदाराला पत्राने कळवा. एकदा घेतलेला पंचनामा आणि ठराव माणूस बदलला म्हणून रद्द धरू नका; जागा तीच आहे, नाला तिथंच आहे, विहिरीही हललेल्या नाहीत. शंका असेल तर जुन्या कागदावर नव्या साहेबांनी आपला शेरा मारावा. सगळे दाखले एकामागून एक मागण्याऐवजी त्या त्या खात्याच्या माणसांना एकाच दिवशी जागेवर बोलवा. मोजणीदार, तलाठी, आरोग्य सहायक, वनरक्षक आणि पंचायतीचे विकास अधिकारी (पीडीओ) एका दुपारी त्या माळावर उभे राहिले तर जे वर्षानुवर्षं ठरलं नाही ते संध्याकाळपर्यंत ठरेल, असा माझा विश्वास आहे. ज्या शेतांत जुन्या समाध्या अजून शाबूत आहेत तिथं मालकाच्या संमतीने निदान त्यांची नोंद करून घ्या, म्हणजे पुढच्या खरेदीत त्या दिसतील. आणि जागा मंजूर होईस्तोवर जे दफन नाइलाजाने स्वतःच्या शेतात झालंय त्याच्या नोटिसा थांबवा.

आम्ही मागितलेला तुकडा अयोग्य असेल तर तसं लिहून द्या. विहिरी जवळ असतील तर अंतर सांगा, वनखात्याची हद्द असेल तर नकाशावर रेघ मारून दाखवा. आम्ही भांडत बसणार नाही. गावात आणखी एक तुकडा आहे, वरच्या अंगाला, नाल्यापासून लांब. तो उतारा काढून ठेवलाय. नकाराचं पत्र हातात पडलं की त्याच आठवड्यात नवा अर्ज देऊ.

रोहिण्या निघायच्या आत जागा बघायला यावं अशी विनंती आहे. मृग लागला की त्या माळावर गाडी चढत नाही. ठराव, नकाशा, पंचनामा, दाखले, सगळ्याच्या झेरॉक्स प्रतींचा एक संच तयार आहे. ज्या साहेबांकडे फाइल सापडत नसेल त्यांनी निरोप द्यावा, आणून देऊ. मोजणीच्या दिवशी खुंट्या आणि हद्दीचे दगड आमचे असतील, साखळी धरायला पोरं असतील.

आपला,
सीमाभागातला एक घरबारी गोसावी